घरावर नोटीस लागली तर काय करायचं? नाशिकच्या वादग्रस्त जागांवरच्या वस्त्यांसाठी

अतिक्रमणची गाडी, जेसीबी आणि बंदोबस्त वस्तीच्या तोंडाशी येऊन उभा राहिला की त्या घटकेला कायदा सांगून फारसं काही पदरात पडत नाही. जे पडायचं ते त्याआधीच्या पंधरा-वीस दिवसांत पडतं, तेही अर्ज, उत्तरं आणि पोचपावत्यांच्या जोरावर. नाशिकला हे दर बारा वर्षांनी जरा जास्तच जाणवतं. सिंहस्थ जवळ आला की रस्ते, घाट, नदीकाठ अशी सगळी कामं एकदम निघतात, आणि कामं निघाली की जागा मोकळ्या करण्याची घाईही सुरू होते.

हा लेख गंजमाळ, फुलेनगर, मल्हारखाण, वडाळा अशा भागांतल्या वस्त्यांत राहणाऱ्यांसाठी आणि तिथे लोकांचे कागद भरून देणाऱ्यांसाठी आहे. मुळातली गोष्ट आधीच सांगून टाकतो. जागा तुमची नसेल तर सरकार ती परत मागू शकतं, कोर्टंही ते नाकारत नाहीत. पण ती कशी मागायची, किती मुदत द्यायची, कोणाला आधी घर देऊन मगच उठवायचं, हे अधिकाऱ्याच्या मर्जीवर सोडलेलं नाही. मात्र ही कर्तव्यं सगळ्या घरांना सारखी लागू होत नाहीत. एकाच गल्लीत समोरासमोरच्या दोन घरांचा निकाल वेगळा लागतो, कारण एकाकडे १९९९ ची मतदार यादी असते आणि दुसऱ्याकडे झोपडी विकत घेतल्याची २०१३ ची नोटरी.

जागा नेमकी कोणाची, ते आधी काढा

वस्तीत विचारलं तर उत्तर येतं, "सरकारी जागा आहे." एवढ्यावर भागत नाही. महसूल खात्याची जागा असेल तर गाठ जिल्हाधिकारी-तहसीलदारांशी. महापालिकेची असेल तर राजीव गांधी भवनाशी आणि तुमच्या विभागीय कार्यालयाशी. गंगापूर धरणाच्या कालव्यांच्या कडेची जमीन जलसंपदा खात्याची, नवीन नाशिकात सिडकोचा संबंध येतो, सातपूर-अंबडला एमआयडीसीचा. नाशिक रोड आणि देवळालीकडे रेल्वे आणि लष्कर, म्हणजे थेट केंद्र सरकार. शिवाय देवस्थानाच्या जमिनी आणि खासगी मालकांच्या जमिनी आहेतच. यातल्या प्रत्येकाचा कायदा वेगळा, नोटिशीची मुदत वेगळी आणि अपिलाचं दार वेगळं.

सर्व्हे नंबर किंवा गट नंबर माहीत असेल तर महाभूलेखवर सातबारा बघता येतो. गावठाण आणि जुन्या शहराच्या हद्दीत नगर भूमापन कार्यालयातून मालमत्ता पत्रक काढावं लागतं. नुसतं मालकाचं नाव वाचून थांबू नका. "इतर अधिकार" या रकान्यात काय लिहिलंय ते वाचा. खरी गंमत तिथे असते: कोर्टातल्या दाव्याची नोंद, भूसंपादनाचा शेरा, इनाम किंवा देवस्थानाचा उल्लेख. फेरफार क्रमांक दिसला तर तो फेरफारही काढून घ्या. महापालिकेच्या नगररचना विभागातून विकास आराखड्याचा भाग नकाशा मागा. जागेवर रस्ता आहे, उद्यानाचं आरक्षण आहे की ती निळ्या पूररेषेत (नदीच्या पुराची, बांधकामाला मनाई असलेली हद्द) येते, हे त्यावरून कळतं.

हे सगळं करायचं कारण साधं आहे. ज्याची जागा नाही त्यानेच नोटीस काढली, असंही घडतं. अशा वेळी "आपणांस ही नोटीस काढण्याचा अधिकार कोणत्या तरतुदीने प्राप्त झाला?" हा प्रश्न उत्तरात पहिल्याच परिच्छेदात टाकायचा असतो.

एक गैरसमज इथेच मिटवू. "बारा वर्षं राहिलो म्हणजे जागा आपली" हे सरकारी जागेला लागू नाही. बारा वर्षांची मुदत खासगी जमिनीसाठी, सरकारसाठी ती तीस वर्षांची आहे. आणि ताबा मालकाच्या हक्काला नाकारून उघडपणे ठेवलेला असावा लागतो. तुम्ही फोटोपाससाठी (झोपडीत राहणाऱ्याला सरकारकडून मिळणारं फोटोसह ओळखपत्र) किंवा अतिक्रमण नियमित करण्यासाठी अर्ज केला असेल तर जागा सरकारची आहे हे तुम्हीच मान्य केलंत. दोन्ही दगडांवर पाय ठेवता येत नाही. बहुतेक वस्त्यांच्या बाबतीत पुनर्वसनाचा रस्ता जास्त खात्रीचा आहे, असं माझं मत आहे. घरपट्टीच्या पावतीचंही तसंच. महापालिका अनधिकृत बांधकामालाही घरपट्टी लावते, त्यामुळे पावतीने मालकी सिद्ध होत नाही. ती राहत असल्याचा पुरावा म्हणून मात्र फार उपयोगी पडते.

नोटीस कशी वाचायची

वरच्या बाजूला जावक क्रमांक आणि दिनांक असतो. तो दिनांक आणि नोटीस प्रत्यक्ष तुमच्या हातात पडली तो दिवस यांत बरेचदा आठ-पंधरा दिवसांचं अंतर असतं, आणि मुदत मात्र छापील तारखेपासून मोजलेली असते. म्हणून नोटीस घेताना सहीखाली स्वतःच्या अक्षरात "आज दिनांक अमुक रोजी मिळाली" असं लिहा. अंगठा देणाऱ्या मावशी-आजींच्या वतीने शेजाऱ्याने ते लिहावं आणि साक्षीदार म्हणून आपली सही करावी. भिंतीवर चिकटवली असेल तर दारासकट, घराचा नंबर दिसेल असा फोटो काढा आणि लगेच दोघा-तिघांना व्हॉट्सॲपवर पाठवा. त्यावर आपोआप तारीख-वेळ बसते. नोटीस घ्यायला नकार देऊन काहीच साधत नाही. "नाकारली" असा पंचनामा होतो आणि घड्याळ सुरूच राहतं.

मग कलम शोधा. "विषय" आणि "संदर्भ" या ओळींत किंवा पहिल्या परिच्छेदात ते असतं. महाराष्ट्र महानगरपालिका अधिनियमाचं कलम २६० किंवा ४७८ असेल तर प्रश्न विनापरवाना बांधकामाचा आहे. कलम २३१ असेल तर तुमचं बांधकाम रस्त्यावर आहे असं महापालिकेचं म्हणणं आहे. कलम ८१-ब म्हणजे महापालिकेच्या स्वतःच्या जागेतून बाहेर काढण्याची कारवाई. प्रादेशिक व नगररचना अधिनियमाचं कलम ५३ पुन्हा बांधकाम परवानगीचं. महाराष्ट्र जमीन महसूल संहितेचं कलम ५० किंवा ५३ दिसलं तर जागा सरकारी आणि कारवाई जिल्हाधिकाऱ्यांच्या अधिकारात. केंद्राच्या जागेवर सार्वजनिक जागा (अनधिकृत भोगवटादार निष्कासन) अधिनियम, १९७१ लागतो. तिथे कारणे दाखवायला जेमतेम आठवडा मिळतो आणि निष्कासनाच्या आदेशाविरुद्ध जिल्हा न्यायाधीशांकडे अपिलाला फक्त बारा दिवस. नाशिक रोडला रेल्वेलगत राहणाऱ्यांनी हा बारा दिवसांचा आकडा पाठच करून ठेवावा.

नोटिशीत कलमच नसेल, नुसतं "आपण अतिक्रमण केले असून ते सात दिवसांत काढून घ्यावे" एवढंच असेल, तर ती उणीव आहे. पण त्यावर विसंबून गप्प बसू नका. लेखी उत्तरात ती उणीव नोंदवा.

सरकारने काय केलंच पाहिजे: १३ नोव्हेंबर २०२४ चा निकाल

या तारखेला सर्वोच्च न्यायालयाच्या न्या. भूषण गवई आणि न्या. के. व्ही. विश्वनाथन यांच्या खंडपीठाने बांधकामं पाडण्याबाबत देशभरासाठी बंधनकारक निर्देश दिले. वस्तीतल्या माणसाच्या दृष्टीने अलीकडच्या काळातला सर्वांत उपयोगी निकाल हाच, म्हणून जरा तपशिलात जाऊ.

आधी कारणे दाखवा नोटीस दिल्याशिवाय पाडकाम करता येत नाही. मुदत स्थानिक कायद्यात दिली असेल ती किंवा नोटीस मिळाल्यापासून पंधरा दिवस, यातली जी नंतर संपेल ती. नोटीस नोंदणीकृत पोस्टाने, पोचपावतीसह पाठवायची, शिवाय बांधकामावर ठळक जागी चिकटवायची. मागची तारीख टाकून नोटीस काढल्याचा आरोप होऊ नये म्हणून ती बजावताक्षणी जिल्हाधिकारी कार्यालयाला ई-मेलने कळवायचं आणि तिकडून आपोआप पोच यायला हवी. म्हणजेच तुमच्या नोटिशीची खरी तारीख सरकारच्याच दप्तरात कुठेतरी पडलेली असते. माहिती अधिकारात ती पोच मागा. वाद तारखेचा असेल तर याच्याइतका पक्का कागद नाही.

नोटिशीत काय असावं हेही ठरवून दिलंय: अनधिकृत काय आहे, नेमका कोणता भंग झाला, कारवाईची कारणं, तुम्ही कोणते कागद द्यायचे, सुनावणी कधी आणि कोणापुढे. सुनावणी समक्ष व्हायला हवी आणि तिचं इतिवृत्त ठेवायला हवं. अंतिम आदेशात तुमचं म्हणणं, त्यावर अधिकाऱ्याचा निष्कर्ष, बांधकाम दंड भरून नियमित होण्यासारखं आहे का, पाडायचं तर सगळं की काही भाग, आणि पाडण्याशिवाय दुसरा मार्ग का नाही, हे सगळं लिहावं लागतं. "आपला खुलासा समाधानकारक नाही" या एका ओळीवर निपटारा करण्याची सवय ज्या कार्यालयांना लागली आहे त्यांनी ती सोडायची आहे. आदेश मिळाल्यावरही पंधरा दिवस थांबायचं, म्हणजे अपील करता यावं किंवा स्वतःहून सामान-बांधकाम काढून घेता यावं.

पाडण्यापूर्वी दोन पंचांच्या सहीचा पाहणी अहवाल, पाडताना व्हिडिओ चित्रीकरण, हजर पोलीस आणि कर्मचाऱ्यांची नोंद, आणि नंतरचा अहवाल आयुक्तांकडे. निर्देश मोडले तर न्यायालयाचा अवमान, आणि बांधकाम पूर्ववत करण्याचा खर्च व भरपाई संबंधित अधिकाऱ्यांच्या खिशातून. तुमच्या उत्तरात हे शेवटचं वाक्य जरूर लिहा.

आता त्यातली फट

हेच निर्देश रस्ता, गल्ली, पदपथ अशा सार्वजनिक जागेवरच्या, रेल्वेमार्गालगतच्या आणि नदी किंवा जलाशयाच्या जागेतल्या अनधिकृत बांधकामांना लागू नाहीत. जिथे पाडण्याचा आदेश खुद्द न्यायालयाने दिला आहे तिथेही नाहीत. नाशिकमध्ये या एका वाक्याने किती घरं निकालाच्या बाहेर पडतात ते बघा: गंगेचा म्हणजे गोदावरीचा काठ, नंदिनी म्हणजे आपली नासर्डी, वाघाडी, वालदेवी. २००८ च्या पुरानंतर पूररेषा आखल्या गेल्या आणि निळ्या रेषेच्या आतल्या घरांकडे बोट दाखवणं सोपं झालं.

मग या लोकांनी काय म्हणायचं? त्यांनी चाळीस वर्षं मागे जायचं. १९८५ च्या ओल्गा टेलिस प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने मुंबईच्या फुटपाथवर राहणाऱ्यांबाबत निकाल दिला. फुटपाथवर राहण्याचा हक्क दिला नाही, पण उपजीविकेचा हक्क हा अनुच्छेद २१ मधल्या जगण्याच्या हक्काचा भाग आहे असं ठरवलं. नोटीस न देता हटवण्याचा आयुक्तांचा अधिकार आहे म्हणून तो ऊठसूट वापरायचा नाही, सर्वसाधारणपणे माणसाचं ऐकून घ्यायचं, असंही सांगितलं. मुंबई महापालिकेच्या ज्या कलमावर ही चर्चा झाली त्याचंच भावंड म्हणजे आपल्याकडचं कलम २३१. त्याच निकालात, वीस वर्षांपेक्षा जुन्या आणि सुधारणा झालेल्या वस्त्या सार्वजनिक कामासाठी लागल्याशिवाय हटवू नयेत आणि हटवल्या तर पर्यायी जागा द्यावी, हेही आलंय. तुमच्या वस्तीत महापालिकेने नळ, शौचालय, गटार, पथदिवे दिले असतील तर ते कधी दिले याची कामाची कागदपत्रं माहिती अधिकारात काढा. "सुधारणा झालेली वस्ती" याचा तोच पुरावा.

रेल्वेच्या जागेबाबतही आशा अगदीच मावळलेली नाही. उत्तराखंडातल्या हल्द्वानी इथल्या रेल्वेलगतच्या मोठ्या वस्तीचं निष्कासन सर्वोच्च न्यायालयाने जानेवारी २०२३ मध्ये थांबवलं आणि जुलै २०२४ मध्ये तिथल्या लोकांच्या पुनर्वसनाची योजना आखायला सांगितलं.

पावसाळ्याचा मुद्दा वेगळा मांडा. जून ते सप्टेंबर या काळात राहती घरं पाडू नयेत असे राज्य शासनाचे निर्देश आहेत. २०२४ च्या जुलैत विशाळगडावरच्या कारवाईवरून मुंबई उच्च न्यायालयाने सरकारला याच मुद्द्यावर धारेवर धरलं होतं. धोकादायक बांधकाम किंवा पुराचा धोका असेल तर हा बचाव टिकत नाही. तिथे लोकांना तात्पुरत्या निवाऱ्यात हलवणं हे प्रशासनाचं कामच आहे. अशा वेळी "तात्पुरतं" हलवल्याचं आणि घराचा नंबर कायम राहत असल्याचं लेखी घ्या, कारण पूर ओसरल्यावर परत येऊ न देण्याचा धोका असतो.

तुमची तारीख कोणती?

महाराष्ट्र झोपडपट्टी अधिनियम, १९७१ प्रमाणे १ जानेवारी २००० किंवा त्यापूर्वीच्या झोपडीत प्रत्यक्ष राहणाऱ्याला फोटोपास मिळतो, आणि असा फोटोपासधारक "संरक्षित भोगवटादार" ठरतो. व्यापक सार्वजनिक हितासाठी जागा हवी असेल तरच त्याला हलवता येतं, आणि तेही पुनर्वसन करण्याच्या अटीवर. १ जानेवारी २००० ते १ जानेवारी २०११ यांमधल्या झोपड्यांनाही कायद्यातल्या नंतरच्या दुरुस्तीने पुनर्वसनात आणलं आहे, पण सशुल्क. २०११ नंतरच्या घरांना या कायद्याचा आधार जवळजवळ नाही. त्यांच्याकडे उरतात त्या नोटीस, सुनावणी अशा नैसर्गिक न्यायाच्या गोष्टी आणि प्रधानमंत्री आवास योजनेसारख्या योजनांत घर मिळण्याची खटपट. सरकारी जमिनीवरची १ जानेवारी २०११ पूर्वीची निवासी अतिक्रमणं नियमित करण्याबाबत २०१८ चा शासन निर्णयही आहे, पण रस्त्यात किंवा पूररेषेत असलेल्यांनी त्याची आशा धरू नये. केंद्राच्या जमिनीवर राज्याचं हे संरक्षण आपोआप चालत नाही, हेही लक्षात असू द्या.

कागद गोळा करताना पात्रतेच्या तारखेआधीचा एक आणि त्यानंतरचे आजपर्यंतचे सलग, असा हिशेब ठेवा. सर्वांत वजनदार म्हणजे त्या वर्षीच्या मतदार यादीचा प्रमाणित उतारा. निवडणूक शाखेकडे यादी भाग आणि अनुक्रमांक देऊन तो मागता येतो. मग वीजबिल, शिधापत्रिका, घरपट्टी, मुलांचे शाळा सोडल्याचे दाखले, बँकेचं पासबुक, दवाखान्याचं कार्ड, जन्मनोंद. जुन्या शिधापत्रिकेचं मुखपृष्ठ फाटलेलं असतं आणि नेमकं तिथेच दुकान क्रमांक नि दिल्याची तारीख असते. ते पान मेण-कागदात किंवा प्लास्टिकमध्ये घालून रंगीत झेरॉक्स करून ठेवा. लॅमिनेशन करू नका, शिक्क्यावरचा वाद उद्भवला तर अडचण होते.

झोपडी विकत घेतली असेल तर स्टँपपेपरवरची नोटरी मालकी देत नाही, पण आधी कोण राहत होतं ते दाखवते. आधीच्या माणसाचे कागदही तुमच्या फाईलमध्ये हवेत. भाडेकरूचा प्रश्न सगळ्यांत नाजूक. कायदा प्रत्यक्ष राहणाऱ्याला ओळखतो, आणि मालक म्हणवणारा दुसरीकडे फ्लॅटमध्ये राहतो. सर्वेक्षणाच्या दिवशी तो बरोबर येऊन उंबऱ्यावर बसतो. तेव्हा कोणाचा फोटो निघतो यावर पुढची वीस वर्षं अवलंबून असतात. पोटमाळ्यावर किंवा वरच्या मजल्यावर राहणाऱ्या वेगळ्या कुटुंबाला सहसा पात्र धरत नाहीत. ही अन्यायाची बाब आहे असं मला वाटतं, पण आजची वस्तुस्थिती तीच आहे.

सर्वेक्षण पथक दारावर खडूने किंवा रंगाने नंबर टाकून जातं. त्या नंबरासह घरातल्या सगळ्यांचा एकत्र फोटो काढा. त्या दिवशी बाई धुणी-भांड्यांच्या कामावर आणि माणूस नाक्यावर असेल तर घर "कुलूपबंद" म्हणून नोंदलं जातं. तसं झालं तर त्याच आठवड्यात लेखी हरकत द्या. प्रारूप यादी लागल्यावर हरकतींची मुदत ठरलेली असते, ती चुकवू नका.

उत्तर आणि सुनावणी

उत्तर प्रत्येक घराचं वेगळं हवं. वस्तीच्या पुढाऱ्याने दोनशे सह्यांचं एक निवेदन दिलं की फोटो छान येतो, पण आदेश प्रत्येकावर स्वतंत्र निघतो आणि त्यात "संबंधितांनी खुलासा सादर केला नाही" असं लिहिलं जातं. निवेदन द्या, हरकत नाही, पण त्याआधी घरोघरीची उत्तरं द्या. दोन प्रती न्यायच्या, एक आवक-जावकला देऊन दुसरीवर शिक्का, आवक क्रमांक आणि तारीख घ्यायची. शिक्का देत नसतील तर स्पीड पोस्ट.

उत्तरात नोटीस मिळाल्याची खरी तारीख, राहण्याची सुरुवात कधी झाली आणि त्याचे कागद, घरात कोण कोण आहे (आजारी, अपंग, गरोदर, शाळेतली मुलं), पुनर्वसनाची मागणी, आणि समक्ष सुनावणीची मागणी एवढं हवं. मोजणीचा नकाशा मागा. जागा खरोखर रस्त्यात येते का, हे भूमी अभिलेख खात्याच्या मोजणीशिवाय कोणी ठामपणे सांगू शकत नाही. सुनावणीत बोललेलं इतिवृत्तात येतंच असं नाही, म्हणून लेखी युक्तिवादाची प्रत तिथेच देऊन या. "साहेब, गरीब आहोत, लेकरं लहान आहेत" हे बोलायला हरकत नाही, पण सोबत कागद असू द्या.

घरासमोर हातगाडी असेल तर तिचा मुद्दा वेगळा. तिला पथविक्रेता कायदा, २०१४ लागतो. घराच्या नोटिशीत तीही उचलून नेली तर स्वतंत्र तक्रार करा.

जागेचा वाद दोघांत, आणि तुम्ही मध्ये

वादग्रस्त जागेचा सगळ्यात फसवा प्रकार हा. एक मालक आणि दुसरा दावेदार, किंवा मालक आणि सरकार, कोर्टात भांडत असतात. वस्तीला पत्ताही नसतो. एक दिवस त्यांच्यात तडजोड होते, हुकूमनामा होतो आणि तो बजावायला कोर्टाचा बेलीफ दारात येतो. सातबाऱ्यावर दाव्याची नोंद दिसली तर त्या दाव्यात सामील करून घेण्याचा अर्ज द्या. उशीर झाला असेल तरी हुकूमनाम्यात जे पक्षकार नव्हते त्यांना दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश २१, नियम ९७ ते १०१ खाली हरकत घेता येते, आणि ती तपासल्याशिवाय पुढे जाता येत नाही. मात्र ज्याच्याकडून तुम्ही जागा घेतली तोच दाव्यात हरला असेल तर हा मार्ग कठीण.

खासगी जमिनीवरची वस्ती झोपडपट्टी म्हणून घोषित असेल तर मालकाला सक्षम प्राधिकाऱ्याची लेखी परवानगी घेतल्याशिवाय, झोपडपट्टी अधिनियमाच्या कलम २२ प्रमाणे, तिथल्या रहिवाशांना काढण्याची कारवाई करता येत नाही. म्हणून "आमची वस्ती घोषित आहे का?" हा प्रश्न आजच महापालिकेला विचारून ठेवा, राजपत्रातल्या अधिसूचनेच्या प्रतीसह. मालक गुंड घेऊन आला आणि घर मोडलं तर सहा महिन्यांच्या आत विनिर्दिष्ट अनुतोष अधिनियमाच्या कलम ६ खाली नुसत्या ताब्याच्या आधारे घर परत मागता येतं. हा दावा सरकारविरुद्ध चालत नाही. अनुसूचित जाती-जमातीच्या कुटुंबाला असं बेकायदा घालवून दिलं तर अत्याचार प्रतिबंधक कायद्याखालीही गुन्हा होतो. पोलिसांनी "दिवाणी बाब आहे" म्हणून हात झटकले तर तक्रार लेखी देऊन पोच घ्या आणि पोलीस आयुक्तांकडे प्रत पाठवा.

अपील आणि कोर्ट

जमीन महसूल संहितेखालच्या तहसीलदार किंवा प्रांतांच्या आदेशावर साठ दिवसांत, जिल्हाधिकाऱ्यांच्या आदेशावर नव्वद दिवसांत अपील. विभागीय आयुक्तांचं कार्यालय नाशिक रोडलाच आहे, एवढी आपली सोय. पण अपील दाखल झालं म्हणून पाडकाम थांबत नाही. स्थगितीचा अर्ज वेगळा द्यायचा आणि त्यावर त्याच दिवशी आदेश मागायचा. लोक इथे हमखास गाफील राहतात.

उच्च न्यायालयात जायची वेळ आली तर नाशिकसाठी मुंबईचं मुख्यपीठ. वकिलाचा खर्च झेपणारा नसेल तर जिल्हा न्यायालयातल्या जिल्हा विधी सेवा प्राधिकरणात अर्ज द्या. महिला, अनुसूचित जाती-जमाती आणि अपंग व्यक्तींना उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळतो. म्हणून अर्ज शक्यतो घरातल्या बाईच्या नावाने करा. हेल्पलाइन १५१००.

पथक आलंच तर

अंगावर जाऊ नका, शासकीय कामात अडथळ्याचा गुन्हा लागला की पुढचे सहा महिने त्यातच जातात. आदेशाची प्रत मागा, मुदत संपली आहे का ते बघा, प्रमुख अधिकाऱ्याचं नाव आणि पद लिहून घ्या, चित्रीकरण करा. फाईल, औषधं, गॅस सिलिंडर, दप्तरं आधी बाहेर. पंचनाम्यात काय पाडलं, काय मोडलं, काय जप्त केलं ते लिहून घेतल्याशिवाय सही करू नका. लिहीत नसतील तर सहीशेजारी "सामानाची नोंद घेतलेली नाही" असं लिहून मग सही करा.

पुनर्वसन म्हणजे नुसती किल्ली नव्हे

जागा जर कायद्याने संपादित होत असेल तर २०१३ च्या भूसंपादन कायद्यातली "बाधित कुटुंब" ही व्याख्या वाचा. शहरी भागात संपादनापूर्वी तीन वर्षं त्या जमिनीवर राहणारं कुटुंब तिच्यात येतं, सातबारा नावावर नसला तरी. घर गेलं तर किमान ५० चौरस मीटरचं घर किंवा त्याऐवजी एकरकमी मदत, स्थलांतरासाठी ५०,००० रुपये, वर्षभर दरमहा ३,००० रुपये निर्वाह भत्ता अशा तरतुदी दुसऱ्या अनुसूचीत आहेत. सरकारच्या मालकीची जागा सरकारच वापरत असेल तर तिथे संपादन नसतं, त्यामुळे हा कायदा लागत नाही. नोटीस कशासाठी आहे ते पाहण्याचं आणखी एक कारण हे.

इतर बाबतीत घर मिळतं ते योजनेतलं. नाशिकमध्ये केंद्राच्या नागरी पुनर्निर्माण अभियानातून चुंचाळे, वडाळा इथे घरकुलं उभी राहिली. पंचवटीत भाजी विकणाऱ्या बाईला चुंचाळ्याला घर दिलं तर पहाटे मार्केट गाठायला बसच नसते, आणि चार महिन्यांत ती घर भाड्याने देऊन परत नदीकाठी येते. मग "यांना घरं दिली तरी विकतात" असं बोलायला सगळे मोकळे. म्हणून जागेची निवड होण्याआधीच कामाचं ठिकाण, शाळा आणि दवाखाना किती लांब पडतो हे लेखी मांडा, जवळचा पर्याय असेल तर सर्व्हे नंबरासह सुचवा.

ताबा घेण्यापूर्वी वाटपपत्रावर पती-पत्नी दोघांची नावं आहेत का बघा. विधवा किंवा एकट्या बाईच्या बाबतीत मुलाच्या नावाने पत्र काढायचा आग्रह धरणारे नातेवाईक असतात, त्यांना बाजूला ठेवा. पाणी चालू करून बघा, वीजमीटर कोणाच्या नावाने आहे ते विचारा, लिफ्ट आणि पंपाचं बिल कोण भरणार हे लेखी घ्या. सोसायटी नोंदली नसेल तर पहिल्याच वर्षी थकबाकी होते आणि पंप बंद पडतो. घर ठरावीक वर्षं विकता येत नाही, ती अट वाटपपत्रात शोधा.

आणि जुनं घर मोडण्याच्या आधी नवं घर राहण्यालायक झालेलं असावं, हा आग्रह सोडू नका. "संक्रमण शिबिरात सहा महिने" असं तोंडी सांगितलं तर भाडं कोण देणार, शिबिर कुठे आणि मुदत संपल्यावर काय, हे करारात लिहून घ्या. हलल्यानंतर पहिल्या महिन्यातच शिधापत्रिकेचं दुकान, मतदार यादीतला पत्ता, आधारवरचा पत्ता आणि मुलांचा शाळा बदलाचा दाखला ही चार कामं उरकून टाका. जुन्या पत्त्याची मूळ कागदपत्रं मात्र फेकू नका. वाटपाची फेरतपासणी पुढे कधीही निघते, आणि त्या वेळी पुन्हा तीच जुनी मतदार यादी विचारली जाते.